नियम उरतो, कारण जातं : घोड्यांच्या जंतनाशनाची दीडशे वर्षं



आजचा विषय घोड्यांच्या जंतांचा आहे. आयुष्यभर तत्त्वज्ञान शिकवलेल्या माणसाने हा विषय का घ्यावा, असं काहींना वाटेल. माणूस एखादा नियम का करतो, तो यशस्वी झाल्यावर त्याचं काय होतं, आणि ज्या कारणासाठी केला ते कारण गेल्यावरही आपण तो का पाळत राहतो, हे प्रश्न मला फार वर्षं सोबत करत आले आहेत. नीतिशास्त्राच्या ग्रंथांत त्यांची उत्तरं फार अमूर्त मिळतात. घोड्यांच्या जंतनाशनाच्या इतिहासात ती तारीखवार मिळतात. शिवाय ज्यांच्याकडे घोडे आहेत त्यांना यातून व्यवहारात उपयोगी पडेल असंही काही मिळेल.

आधी शत्रूची ओळख करून घेऊ. घोडा कुरणात चरतो आणि तिथेच लीद टाकतो. लिदीत जंतांची अंडी असतात. ओल आणि बेताची ऊब मिळाली की अंड्यातून अळी बाहेर येते, वाढते आणि गवताच्या पात्यावर चढून बसते. ते गवत घोड्याने खाल्लं की चक्र पूर्ण झालं. मधे डास नाही, गोचीड नाही, दुसरा कुठला प्राणी नाही. एका घोड्याची लीद आणि दुसऱ्या घोड्याचं तोंड, एवढाच प्रवास. म्हणून चरणारा जवळजवळ प्रत्येक घोडा थोडेफार जंत बाळगून असतो आणि बहुतेकांचं त्यात काही बिघडत नाही. हे वाक्य लक्षात ठेवा, शेवटी आपल्याला त्याच्याकडे परत यायचं आहे.

जंत असतात हे माणसाला फार पूर्वीपासून माहीत आहे. आपल्याकडे घोड्यांच्या वैद्यकाची परंपरा शालिहोत्राच्या नावाने चालते. घोड्याच्या वैद्याला ‘सालोत्री’ म्हणायचे, तो शब्द त्याच नावावरून आला. आणि माणसांच्या वैद्यकात चरकसंहितेच्या विमानस्थानात सातवा अध्याय कृमींवर आहे. तिथे वीस प्रकारचे कृमी सांगितले आहेत आणि उपचाराच्या तीन पायऱ्या. पहिली अपकर्षण, म्हणजे जंत ओढून बाहेर काढणं. दुसरी प्रकृतिविघात, म्हणजे जंतांना मानवणारी शरीरातली परिस्थिती मोडणं. तिसरी, ज्या कारणांनी जंत होतात ती कारणंच टाळणं. चरकाला आजचं सूक्ष्मजीवशास्त्र ठाऊक होतं असं मला अजिबात सुचवायचं नाही. कृमी कशापासून होतात याबद्दलच्या त्याच्या कल्पना आजच्या नव्हेत. पण या तीन पायऱ्यांची मांडणी आजच्या विषयाला एक चांगली मोजपट्टी म्हणून उपयोगी पडते, म्हणून ती हाताशी ठेवू.

आधुनिक इतिहास सुरू होतो १८७० मध्ये, म्युनिकला. घोड्याला पोटशूळ उठतो, तो जमिनीवर लोळतो, घामाने निथळतो आणि कधी काही तासांत मरतो. घोडा पाळणाऱ्या प्रत्येक समाजाला हे भय माहीत आहे. ऑटो बोलिंगर या जर्मन विकृतिशास्त्रज्ञाने त्या वर्षी दाखवलं की मेलेल्या अनेक घोड्यांच्या आतड्याला रक्त पुरवणारी मुख्य धमनी फुगलेली, जाड झालेली असते आणि तिच्यात जंतांच्या अळ्या सापडतात. तिथे रक्ताच्या गुठळ्या धरतात, एखादी गुठळी सुटून पुढे अडकते, आतड्याच्या त्या भागाचं रक्त तुटतं आणि घोडा जातो. या जंताचं नाव स्ट्राँजायलस व्हल्गारिस. त्याच्या अळीचा धमनीतून होणारा प्रवास कार्ल एनिक याने १९५०-५१ च्या सुमारास तपशिलाने उलगडला. गवतावरून पोटात गेल्यापासून आतड्यात प्रौढ होऊन अंडी घालेपर्यंत तिला सहा-सात महिने लागतात.

म्हणजे कारण कळलं. औषध मात्र नव्हतं. होतं ते भयंकर होतं. टर्पेंटाइन, तंबाखू, सोमलाचे क्षार, कार्बन डायसल्फाइड, चिनोपोडियमचं तेल. घोड्याला उपाशी ठेवायचं, नाकातून पोटापर्यंत नळी घालायची, औषध ओतायचं आणि वर जुलाब द्यायचा. जंत मरायचे, पण औषधाची मात्रा आणि विषाची मात्रा यांत अंतर इतकं थोडं होतं की कधी घोडाही मरायचा. १९२१ मध्ये अमेरिकेच्या कृषिखात्यातल्या मॉरिस हॉलने कार्बन टेट्राक्लोराइड जंतांवर चालतं असं दाखवलं. ते पुढे माणसांनाही दिलं गेलं. आज आपण त्या द्रव्याला यकृताचं विष म्हणून ओळखतो. चरकाच्या भाषेत ही सगळी पहिली पायरी, अपकर्षण, आणि तीही धसमुसळी.

पुढचा टप्पा १९४० च्या आसपासचा. फेनोथायझिन हे रसायन १८८३ मध्येच जर्मनीत तयार झालं होतं, रंगांच्या रसायनशास्त्रातून. ते जंतांवर चालतं हे १९३० च्या दशकाच्या शेवटी कळलं आणि लवकरच मेंढ्यांत आणि घोड्यांत वापरात आलं. आधीच्या औषधांपेक्षा ते सौम्य होतं, तरी पुरतं निरुपद्रवी नव्हतं. घोड्यांना त्याने रक्तक्षय व्हायचा. मग एक शक्कल निघाली. एकदम मोठा डोस देण्याऐवजी रोज चंदीत थोडं थोडं मिसळायचं. त्याने अंडी घटतात आणि घोडाही सुखरूप राहतो. घोडेवाल्यांना ही गोष्ट आवडली, कारण तीत विचार करावा लागत नव्हता.

आता इथे थांबून जंतांच्या बाजूने बघा. रोज थोडं औषध म्हणजे रोज थोडी परीक्षा. लाखोंमध्ये जे थोडे जंत त्या औषधाला दाद देत नाहीत, ते जगतात आणि त्यांचीच संतती कुरणावर उरते. १९५७ मध्ये केंटकीत हॅरॉल्ड ड्रज आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मेंढ्यांच्या जंतांत फेनोथायझिनला दाद न देणारा वाण नोंदवला आणि थोड्याच काळात घोड्यांतही तसाच अनुभव आला. १९६१ मध्ये मर्क कंपनीचं थायाबेंडाझोल आलं. मात्रा सुरक्षित, परिणाम अनेक प्रकारच्या जंतांवर. काही वर्षांत घोड्यांचे छोटे स्ट्राँजाइल त्यालाही जुमानेनासे झाले.

याच केंटकीत १९६६ मध्ये ड्रज आणि यूजीन लायन्स यांनी एक शिफारस केली आणि आपल्या गोष्टीचं मुख्य पात्र हीच शिफारस आहे. दर सहा ते आठ आठवड्यांनी सगळ्या घोड्यांना जंताचं औषध द्या, असं त्यांनी सांगितलं. ती कशावर उभी होती ते नीट बघा. औषध दिल्यावर साधारण आठ आठवड्यांनी लिदीत पुन्हा अंडी दिसू लागतात. ती दिसण्याआधीच पुढचा डोस दिला तर कुरणावर अंडी पडणारच नाहीत. व्हल्गारिसला पोटात प्रौढ व्हायला सहा महिन्यांवर काळ लागतो, त्यामुळे असं वर्ष-दोन वर्षं केलं तर त्याचा वंश त्या कुरणावरून उठेल. शत्रू कोण, त्याचा दुबळेपणा कुठे, घाव कधी घालायचा, हे तिन्ही त्या शिफारशीत होतं.

आणि ती यशस्वी झाली. चांगल्या व्यवस्थेच्या पागांतून व्हल्गारिस पुढच्या काही दशकांत जवळजवळ दिसेनासा झाला. मलमासारखी औषधं पिचकारीतून तोंडात देता येऊ लागली, तशी नळीची आणि पशुवैद्याचीही गरज उरली नाही. दुकानातून आणायचं, जिभेच्या मुळाशी सोडायचं, भिंतीवरच्या कॅलेंडरवर पुढची तारीख मांडायची.

मग आलं आयव्हरमेक्टिन. त्याची कथा थोडक्यात सांगायलाच हवी. १९७० च्या दशकात सातोशी ओमुरा यांनी जपानमधल्या इतो शहराजवळच्या कावाना इथून मातीचा नमुना घेतला. त्यातला एक सूक्ष्मजीव अमेरिकेत मर्कच्या प्रयोगशाळेत विल्यम कॅम्पबेल यांच्या गटाकडे पोचला आणि जंत असलेल्या उंदरांवर त्याचा विलक्षण परिणाम दिसला. घोड्यांवर तपासताना लक्षात आलं की घोड्याच्या कातडीत असणाऱ्या ऑन्कोसर्का जातीच्या सूक्ष्म अळ्याही या औषधाने मरतात. आफ्रिकेत लाखो माणसांना आंधळं करणारा नदीकाठचा अंधत्वाचा रोग याच जातीच्या भावंडामुळे होतो. मग हे औषध माणसांनाही चालेल का, असा प्रश्न त्यातून उभा राहिला. १९८१ मध्ये सेनेगलमध्ये मोहम्मद अझीझ यांनी पहिली चाचणी घेतली. १९८७ मध्ये मर्कने या रोगासाठी औषध फुकट देण्याची घोषणा केली. २०१५ चं नोबेल पारितोषिक ओमुरा आणि कॅम्पबेल यांना मिळालं. माणसाच्या औषधाला घोड्याच्या कातडीतून वाट सापडली, असं झालं.

घोड्यांच्या जगात १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला आयव्हरमेक्टिन आलं आणि ते धमनीतल्या अळ्यांवरही चालत असल्याने व्हल्गारिसची उरलीसुरली भीतीही गेली. इथे प्रश्न येतो. ज्या शत्रूसाठी १९६६ चा नियम केला तो शत्रू गेला. नियमाचं काय झालं?

नियम तसाच राहिला. दर दोन महिन्यांनी सगळ्यांना औषध. कोणी विचारलंच तर उत्तर मिळे, ‘असंच करतात’. वडिलांनी केलं, शेजारच्या पागेत करतात, कंपनीच्या माहितीपत्रकात छापलंय. तत्त्वज्ञानात आपण कारण आणि सवय यांत भेद करतो. बाहेरून दोन्ही सारख्याच दिसतात. पण परिस्थिती बदलली की कारण सांगतं, ‘आता थांब’. सवयीला ते सांगता येत नाही.

दरम्यान कुरणावर दुसरंच राज्य आलं होतं. छोटे स्ट्राँजाइल, ज्यांना सायथोस्टोमिन म्हणतात. यांच्या पन्नासेक जाती आहेत. एरवी ते फारसा त्रास देत नाहीत. त्यांच्या अळ्या आतड्याच्या अस्तरात कोष करून बसतात, काही महिने, कधी दोन वर्षांहून जास्त. मोठ्या संख्येने एकदम बाहेर पडल्या तर मात्र, विशेषतः तरुण घोड्याला, जीवघेणा अतिसार होतो आणि उपचार करूनही अशांपैकी निम्म्यापर्यंत घोडे दगावू शकतात. या जंतांनी एकेक औषध पचवलं. थायाबेंडाझोलचा सगळा गट जगात बहुतेक ठिकाणी त्यांच्यावर निकामी झाला, पायरँटेल अनेक ठिकाणी. शिंगरांच्या मोठ्या गोल जंताने, पॅरास्कॅरिसने, आयव्हरमेक्टिनला दाद न दिल्याची पहिली नोंद २००२ मध्ये नेदरलँड्समधून झाली. २०२० मध्ये आणखी एक नोंद आली. आयर्लंडहून अमेरिकेत नेलेल्या जातिवंत शिंगरांमधल्या छोट्या स्ट्राँजाइलवर आयव्हरमेक्टिनच्या गटाचा पुरेसा परिणाम होत नव्हता. जंत विमानाने फिरतात, घोड्याच्या तिकिटावर.

यात पणाला काय लागलंय? घोड्यांच्या या गोल जंतांसाठी औषधांचे मोठे गट आहेत तीन. थायाबेंडाझोल-फेनबेंडाझोलचा एक, पायरँटेलचा दुसरा, आयव्हरमेक्टिन-मॉक्सिडेक्टिनचा तिसरा. आयव्हरमेक्टिन येऊन चाळीस वर्षं झाली, त्यानंतर घोड्यांसाठी नवा गट आलेला नाही. आणि एकदा जंत दाद देईनासे झाले की औषध थांबवलं तरी ते पुन्हा पूर्वीसारखे होतील अशी आशा धरता येत नाही. थोडक्यात, औषधाची परिणामकारकता ही सगळ्यांची सामाईक ठेव आहे आणि प्रत्येक अनावश्यक डोस तीतून थोडं काढतो.

मग लोक मोजण्याकडे वळले. गंमत म्हणजे मोजण्याची रीत आधीपासून होती. १९३९ मध्ये ऑस्ट्रेलियात सिडनीच्या मॅकमास्टर प्रयोगशाळेतल्या गॉर्डन आणि व्हिटलॉक यांनी ती बसवली होती, मेंढ्यांसाठी. लीद तोलून घट्ट मिठाच्या पाण्यात कालवायची, अंडी वर तरंगतात, आखलेल्या काचेखाली ती मोजायची आणि एका ग्रॅमला किती हे काढायचं. घोड्यांच्या लिदी मोजल्यावर एक गोष्ट पुन्हा पुन्हा दिसली. एका कळपातली साधारण ८० टक्के अंडी २० टक्के घोडे टाकतात आणि प्रौढ घोड्यांत कोण जास्त टाकणार हे वर्षानुवर्षं बरंचसं कायम राहतं. म्हणजे कॅलेंडर ज्यांना औषध पाजत होतं त्यांतल्या बहुतेकांना त्याची गरजच नव्हती.

यातून आणखी एक विचार पुढे आला. सगळ्यांना एकाच वेळी औषध दिलं तर कुरणावर फक्त निगरगट्टांची पिल्लं उरतात. काही घोड्यांना दिलंच नाही, तर त्यांच्या पोटात औषध न पाहिलेले साधे जंत राहतात, निगरगट्टांत मिसळतात आणि त्यांचं बळ पातळ करतात. शास्त्रज्ञ या शिल्लक राखलेल्या जंतांना रेफ्युजिया म्हणतात, म्हणजे आश्रयाला राहिलेले. शंभर वर्षं जंतांचा निर्वंश हे ध्येय होतं. आता काही जंत मुद्दाम जगू द्यायचे असं ठरलं.

एवढं ऐकून वाटेल की गोष्ट संपली. पण डेन्मार्कचा अनुभव ऐका. तिथे १९९९ पासून कायद्याने जंताचं औषध पशुवैद्याच्या चिठ्ठीवरच मिळू लागलं आणि सरसकट प्रतिबंधक डोसांना मनाई झाली. आधी तपासा, मग द्या. काही वर्षांनी मार्टिन नील्सन आणि सहकाऱ्यांनी २०१२ मध्ये दाखवलं की अशा निवडक उपचारांच्या पागांत व्हल्गारिस जास्त आढळतो. बोलिंगरचा जुना शत्रू परत डोकं वर काढत होता. असं का झालं? एकतर काचेखाली व्हल्गारिसचं अंडं छोट्या स्ट्राँजाइलच्या अंड्यासारखंच दिसतं. आणि ‘कमी अंडी’ म्हणून ज्यांना वगळलं, त्यांतल्या थोड्या अंड्यांत तोही होता. शत्रू गेला म्हणून नियम पुरता मोडला, तर शत्रू ज्यामुळे गेला होता तेच काढून घेतल्यासारखं होतं. त्यामुळे सवयीने नियम पाळणं जसं आंधळं, तसंच कारण न तपासता नियम टाकून देणंही आंधळंच.

आज अमेरिकेतली अश्ववैद्यांची संघटना जी मार्गदर्शक तत्त्वं देते त्यांचा मथितार्थ या दोन्ही अनुभवांतून आला आहे. प्रौढ घोड्याला वर्षातून एक-दोन वेळा, ऋतू बघून, पायाभूत डोस. त्यापलीकडे फक्त जास्त अंडी टाकणाऱ्यांना. आणि औषध चालतंय का याची परीक्षा. डोसाच्या आधी लीद मोजायची, चौदा दिवसांनी पुन्हा मोजायची. अंडी पुरेशी घटली नाहीत तर ते औषध त्या पागेत संपलं असं समजायचं.

घोडे बाळगणाऱ्यांसाठी आणखी काही गोष्टी, पशुवैद्याशी बोलून करायच्या. वजन डोळ्यांनी ठरवू नका, काटा किंवा निदान मापपट्टी वापरा. कमी डोस म्हणजे जंतांची तालीम. शिंगरांना प्रौढांचा नियम लावू नका. त्यांचा मुख्य शत्रू पॅरास्कॅरिस, आणि त्याची अंडी तबेल्यात वर्षानुवर्षं टिकतात. शिंगराच्या पोटात हे जंत गच्च भरले असताना त्यांना एकदम लुळं करणारं औषध दिलं, तर त्यांचाच बोळा आतड्यात अडकून आतडं फुटू शकतं. कोणतं औषध, कधी, हे अशा वेळी वैद्यानेच ठरवावं. मॉक्सिडेक्टिनसारखं चरबीत साठणारं औषध अगदी लहान किंवा हडकुळ्या जनावराला जास्त झालं तर घातक ठरतं. सारंगखेड्याच्या यात्रेतून नवा घोडा आणलात, तर लीद तपासून उपचार होईपर्यंत त्याला वेगळं बांधा. आणि लिदीत अंडी नाहीत म्हणजे जंतच नाहीत असं नव्हे. अस्तरातल्या कोषातल्या अळ्या अंडी घालत नाहीत.

आता चरकाची मोजपट्टी काढू. गेल्या दीडशे वर्षांत आपण सगळी बुद्धी, सगळा पैसा पहिल्या पायरीवर लावला. तिसरी पायरी, कारण टाळणं, ही खराट्याची आणि पाटीची गोष्ट होती, म्हणून तिला प्रतिष्ठा नव्हती. १९८० च्या दशकात रूपर्ट हर्ड यांनी इंग्लंडमध्ये न्यूमार्केटला दाखवलं की आठवड्यातून दोनदा कुरणावरची लीद उचलली तर गवतावरच्या अळ्या खूप घटतात. त्यात औषध नाही, आणि त्याला दाद न देणारा जंत निघणं शक्य नाही. आपल्याकडे पावसाळा आणि त्यानंतरचे आठवडे धोक्याचे. उन्हाळ्याच्या कोरड्या तापात उघड्यावरची अळी टिकत नाही, कारण ती काही खात नाही, साठवलेल्या शक्तीवर जगते आणि उष्णतेत ती शक्ती लवकर संपते. उचललेली लीद ढीग लावून नीट तापू द्या, आतल्या उष्णतेने अंडी मरतात. ताजी लीद ओल्या कुरणावर पसरवली तर मात्र आपणच अळ्यांची पेरणी करतो.

सुरुवातीला म्हटलं होतं की बहुतेक घोडे थोडे जंत बाळगतात आणि त्यांचं काही बिघडत नाही. १८७० च्या माणसाला हे वाक्य म्हणता आलं नसतं, त्याच्यासमोर मेलेला घोडा होता. १९६६ च्या माणसाला ते म्हणण्याची गरज नव्हती, त्याच्या हाती नवं औषध होतं. आपल्याला ते म्हणावं लागतंय, कारण औषधं संपत आली आहेत. यातला कोणीच मूर्ख नव्हता. ड्रज आणि लायन्स यांनी आपला नियम कारणासकट लिहिला होता. पुढच्यांनी नियम उचलला आणि कारण कागदावरच राहू दिलं.

म्हणून पुढच्या वेळी औषधाची पिचकारी हातात घ्याल तेव्हा या घोड्याला, आज, हे औषध कशासाठी, एवढं एक वाक्यात सांगता येतं का ते पाहा. येत असेल तर द्या. नसेल तर आधी लीद तपासायला पाठवा.

आता प्रश्न घेऊ.